बुटातलं रोप

ज्याचं नाव एखाद्या वनस्पतीला मिळतं तो माणूस मरत नाही, असं फ्रान्समधले वनस्पतिशास्त्रज्ञ मानतात. वनस्पती गोळा करत फिरणारा आन्सेल्म पिव्हेर मादागास्करमध्ये तापाने मेला, तोवर त्याने पाठवलेल्या वनस्पतींना दोन मंत्र्यांची आणि एका मंत्र्याच्या सासूची नावं देऊन झाली होती. त्याचं स्वतःचं राहून गेलं.

त्याच्या पेट्या पॅरिसच्या संग्रहालयाने ठेवून घेतल्या. बायकोकडे, ओनोरीनकडे, बूट आले. त्यांच्या तळांना चिकटलेला वाळका चिखल तिने खरवडून कुंडीत घातला. वसंतात त्यातून एक अनोळखी रोप उगवलं, त्याला निळी फुलं आली. ती रोज त्याच्याशी बोलत बसे.

"माझ्या भावाशी जिवंतपणी कधी एवढं बोलली नाहीस," नणंद म्हणाली.

"घरी होता कधी तुमचा भाऊ?"

रोप नवीन जातीचं निघालं तर त्याला आन्सेल्मचं नाव मिळेल, म्हणून ती कुंडी घेऊन संग्रहालयातल्या प्राध्यापकांकडे गेली.

"बाई, हे मुळासकट उपटून, दाबून वाळवावं लागेल."

"एकच आहे हो. फांदी नाही का चालणार?"

"नाव हवंय ना? मग सगळं लागतं."

ओनोरीनने कुंडी मांडीवर घेतली. मग तिने बोटांनी माती सैल करत ते स्वतःच उपटलं आणि टीपकागदावर एकेक पान सरळ केलं.

महिन्याभराने उत्तर आलं. ते रोप म्हणजे मादागास्करच्या बंदरात गटाराकाठी सर्रास उगवणारं तण होतं. संग्रहालयात त्याचे नमुने भरपूर असल्यामुळे तिचा ठेवून घेतला नव्हता.