प्रश्नानंतरचे अकरा सेकंद

मित्रांनो, चावी दिल्याशिवाय न चालणारे मी एक जुने स्टॉपवॉच आहे. शिरपूर तालुक्यातल्या एका शाळेच्या प्रयोगशाळेत मी राहते. पूर्वी मी दोलकाची आंदोलने मोजत असे. शंभर मीटरची शर्यत संपली की मुले मला पाहायला गर्दी करत. मग मोबाइल आले आणि सहा वर्षे मी फुटक्या काचनळ्यांशेजारी पडून राहिले.

गेल्या वर्षी शाळेत एक पद्धत ठरली. एका शिक्षकाने दुसऱ्याच्या तासाला मागच्या बाकावर बसायचे. मध्ये बोलायचे नाही, दिसेल तेवढेच लिहायचे. मोबाइल बाहेर ठेवायचा. म्हणून वेळ मोजायला गणिताचे गिरधर सर मला घेऊन हेमांगीबाईंच्या सहावीच्या विज्ञानाच्या तासाला बसले.

बाईंनी मागे पडलेल्या पाच मुलांच्या नावांची यादी केली होती. या मुलांना विज्ञानाच्या तासाऐवजी वेगळ्या खोलीत वाचन आणि पाढे गिरवायचे होते. शुक्रवारी यादी मुख्याध्यापकांकडे जाणार होती. पहिले नाव रोहिणीचे होते. ती कधीच उत्तर देत नसे.

तास संपल्यावर सरांनी कागद पुढे केला. “एकोणीस प्रश्न विचारले तुम्ही. दर प्रश्नानंतर सरासरी एक सेकंद थांबलात.”

“एकच? सर, हे डबडं कुठून शोधून आणलं?”

बाईंनी मला मोबाइलशेजारी ठेवून पाच मिनिटे तपासले. फरक निघाला नाही.

“आणि चौदा उत्तरं तुम्हीच दिली,” सर म्हणाले. “तुमचा निकाल चांगला आहे, बाई.”

बाई हसल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी सरांना पुन्हा बसायला सांगितले.

“दुपारी सावली आखूड का होते? रोहिणी?”

चार सेकंद झाले. गोपाल बाकावरून अर्धा उठला. “बाई, मी सांगू?” बाईंनी हाताने त्याला बसवले. सात सेकंद. सरांचेच ओठ हलले, त्यांनी पेन दातांत धरले. अकराव्या सेकंदाला रोहिणी बोलली.

“सूर्य डोकावर येस म्हनीसन. सकायले तो खाले ऱ्हास, तव्हय सावली लांबी पडस.”

“बरोबर शे,” बाई म्हणाल्या. बाईंच्या तोंडी अहिराणी ऐकून सगळा वर्ग हसला. रोहिणीही हसली.

घरी ती अहिराणीच बोलते. पुस्तकातला प्रश्न आपल्या बोलीत आणायला तिला वेळ लागत होता. तो तिला आजवर मिळाला नव्हता.

बाईंनी तिचे नाव खोडले. उरलेल्या चार नावांवर त्यांचे पेन थांबले. शुक्रवारी यादी गेली नाही. त्या चौघांसाठी सरांनी मला पुन्हा चावी दिली.

मित्रांनो, माझी स्प्रिंग केव्हातरी तुटेल. तेव्हा मला फेकून दिलेत तरी चालेल. पण एखाद्याला येत नाही असे लिहाल, तेव्हा त्याच्यासाठी किती सेकंद थांबलात तेही शेजारी लिहा.