डावीकडे निघालेला कंटेनर

कंटेनर पुन्हा डावीकडे निघाला. आत्याने स्टिक उजवीकडे दाबली तसा तो थांबला, थोडा परत आला, आणि तिने अंगठा हलका करताच पुन्हा डावीकडे निघाला. खाली ट्रक उभा होता. त्याच्या कठड्याला घासून कंटेनर पुढे गेला, बंदराच्या धक्क्याच्या कडेवर जाऊन टेकला आणि संगणकाच्या पडद्यावर लाल अक्षरं उमटली. भार चुकीच्या जागी. पुन्हा प्रयत्न करा.

“करते की,” आत्या पडद्याला म्हणाली. “सकाळपासून दुसरं काय करतेय?”

“सरक जरा, मी बघते,” भाची म्हणाली.

भाची शाळेत संगणक शिकवायची. वर्गातले चाळीस संगणक तिच्या नुसत्या नजरेने सरळ येत, असं तिचे सहकारी थट्टेने म्हणत. आणि तिच्याच घरात, तिच्याच टेबलावर, पोरांच्या खेळातला एक कंट्रोलर तिला दाद देत नव्हता. तिने प्रोग्राम बंद केला, नव्याने सुरू केला, कंटेनर उचलला, ट्रकवर नेला आणि ठेवला. हिरवी अक्षरं आली.

“बघ, माझ्या हातात नीट चालतोय.”

 आत्याने दोन्ही तळवे उताणे करून पाहिले आणि भाची मागे वळायच्या आत खिशात घातले.

सव्वीस वर्षं आत्या बंदरावर क्रेन चालवत होती. चाळीस मीटर उंचीवरच्या काचेच्या केबिनमध्ये बसून, पायांखालच्या काचेतून खाली बघत, ती तीस टनांचा कंटेनर ट्रकच्या चार खुंट्यांवर असा ठेवायची की ट्रकवाल्याच्या हातातला चहा हिंदकळत नसे. ही फुशारकी तिची नव्हे, ट्रकवाल्यांची. आता त्या केबिन बंद होणार होत्या. एका खोलीत पडद्यासमोर बसायचं आणि अंगठ्याएवढ्या स्टिकने खालची क्रेन हलवायची, असं ठरलं होतं. त्या खोलीत जागा हवी तर परीक्षा द्यायची. सरावासाठी कचेरीने प्रोग्राम दिला होता आणि परीक्षेला असतो तसलाच कंट्रोलर घरच्या संगणकाला जोडून घ्या म्हणून सांगितलं होतं. परीक्षा उद्या, सोमवारी सकाळी दहाला. नापास होईल त्याने फाटकावर बसून पासांवर शिक्के मारायचे.

तिघं आधीच नापास झाले होते आणि तिघंही जुने होते. त्यातले एक लंबूमास्तर. उंची एवढी की केबिनमध्ये वाकूनच बसायचे, म्हणून सगळं बंदर त्यांना लंबू म्हणायचं. क्रेनचा दांडा आत्याच्या हातात पहिल्यांदा त्यांनी दिला होता, म्हणून तिच्यापुरते ते मास्तर. पंधरा दिवसांपूर्वी परीक्षक बाईंनी त्यांच्या कागदावर एक ओळ लिहिली, ‘वयोमानाने हात स्थिर नाहीत,’ आणि दुसऱ्या दिवसापासून मास्तर फाटकावर दिसू लागले. आत्या रोज त्यांच्यासमोरून जायची आणि रोज तिला दुसरीकडे बघावंसं वाटायचं.

“घोडं कुठे पेंड खातंय तेच कळत नाही,” भाची पुटपुटली आणि टेबलाखाली शिरली.

तिने केबल या खोबणीतून काढून त्या खोबणीत घातली. मग केबलच बदलली. संगणकाला दोन कंट्रोलर दिसत होते, तेव्हा ती आनंदाने ओरडली. पण दुसरा म्हणजे तिची संगणकावर चित्रं काढायची पाटी निघाली. पाटी काढली, यादीत एकच कंट्रोलर उरला, आणि कंटेनर डावीकडे गेला. तिने सेटिंगची खिडकी उघडली. पांढऱ्या चौकोनात अधिकची एक छोटी खूण होती, स्टिक मोकळी असली की ती बरोबर मधोमध उभी राहायला हवी. ती मधोमध होती. केसभरही इकडेतिकडे नव्हती. मग तिने खालच्या मजल्यावरच्या दंतवैद्याकडून त्याचा कंट्रोलर मागून आणला. दुपारी दोन वाजता पेशंट नसतात तेव्हा तो काय करतो, हेही त्या निमित्ताने कळलं. तोही आत्याच्या हातात डावीकडे गेला.

मधल्या वेळात आत्याच्या दादाने, म्हणजे भाचीच्या बाबांनी, पहिला कंट्रोलर उघडून ठेवला होता. दादा घड्याळं दुरुस्त करायचा. डोळ्याला भिंग लावून त्याने स्टिकच्या बुडाशी साचलेला मळ काढला, ब्रशने पुसलं, चारही स्क्रू परत लावले आणि एक उरलेला पाचवा मुकाट्याने खिशात टाकला.

“आता बघा, लोण्यासारखी फिरते.”

फिरत होतीच. भाचीने प्रोग्राम सुरू केला आणि कंटेनर ट्रकवर ठेवला. मग आत्याने प्रोग्राम सुरू केला आणि कंटेनर डावीकडे निघाला.

यावेळी आत्याने तो परत आणायचा प्रयत्नही केला नाही. लाल अक्षरं येईपर्यंत ती बघत राहिली, मग कंट्रोलर टेबलावर ठेवला आणि केबलची नीट गुंडाळी करायला लागली.

“पुरे झालं,” ती म्हणाली. “दोन कंट्रोलर झाले, तीन केबली झाल्या. तुझ्या हातात सगळे चालतात. दोष कुणात आहे ते सांगायला शाळेतली बाई कशाला हवी?”

“आत्या, काहीतरीच काय!”

“काहीतरीच नाही. मास्तरांचे हात गेले, माझेही गेले. उद्या जाऊन सांगते, मला परीक्षा नको. नापासाचा कागद हातात घेऊन फाटकावर बसण्यापेक्षा आपल्या पायांनी गेलेलं बरं.”

 भाचीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं आणि ते लपवायला ती पुन्हा टेबलाखाली शिरली, जिथे आता बघण्यासारखं काही उरलं नव्हतं.

दादाने भिंग कपाळावर चढवलं.

“एक सांगू का?” तो म्हणाला. “लोक घड्याळ घेऊन येतात, मागे पडतं म्हणून. मी चार दिवस टेबलावर ठेवतो, सेकंदाचा फरक नाही. परत नेतात, पुन्हा मागे पडतं. मग मी म्हणतो, घड्याळ राहू द्या, मनगट दाखवा. कुणी उशीखाली हात घालून झोपतो, कुणी हातोडी चालवतो. आपण सकाळपासून घड्याळच उघडतोय. तू बस बरं पुन्हा. मी तुझं मनगट बघतो.”

“दादा, मला आता नको म्हटलं ना.”

“एकदाच. मोठा भाऊ आहे मी.”

ती बसली. दादाने स्टूल ओढून पडद्याकडे पाठ केली आणि भिंग डोळ्यावर आणून तिच्या हातांसमोर बसला. आत्याने कळ दाबली. पडद्यावर पिवळा दिवा लागला, दोन-तीन सेकंदांनी हिरवा झाला. कंटेनर उचलला गेला, आणि डावीकडे निघाला.

“आता कंट्रोलर खाली ठेव,” दादा म्हणाला.

“असा कसा ठेवू? भार लटकतोय.”

“लटकू दे.”

“अरे, भार लटकत असताना हात सोडायचा नसतो! पहिल्या दिवशी मास्तरांनी हेच शिकवलं. हात निघाला की क्रेन जागच्या जागी गचकन थांबते, आणि भार झोका घेतो.”

“इथे खाली कुणी उभं नाहीये. माझे आई, सोड.”

आत्याने कंट्रोलर खाली ठेवला. म्हणजे टेबलावर टेकवला, बोटं तशीच. दादाने तिचा एकेक अंगठा धरून बाजूला काढला. कंट्रोलर टेबलावर एकटा पडला होता, त्याला कुणाचाही स्पर्श नव्हता, आणि पडद्यावर कंटेनर आधीपेक्षा जोरात डावीकडे निघाला होता.



“माझे हात नाहीत त्यावर,” आत्या हळूच म्हणाली. मग मोठ्याने, “अगं ए, बघ! माझे हात नाहीत त्यावर!”

तिने दोन्ही हात वर केले होते, कुणी पिस्तूल रोखल्यासारखे, आणि ती हसत होती. भाची टेबलाखालून इतक्या घाईने उठली की तिचं डोकं फळीवर आपटलं.

“मग कोण नेतंय त्याला?” डोकं चोळत ती म्हणाली.

“तीच,” दादा म्हणाला. “पण आत्ता नाही, आधी. तो पिवळा दिवा लागतो तेव्हा काय होतं?”

भाचीने तोंडावर हात ठेवला. “मध्य घेतो,” ती म्हणाली. “प्रोग्राम दर वेळी सुरू होताना स्टिकचा मध्य नव्याने घेतो. तेवढ्यापुरती स्टिक मोकळी सोडायची असते. मी एका हाताने कळ दाबते, मी कधी धरतच नाही.”

“आणि हिचा डावा अंगठा आधीपासून तिथे बसलेला असतो. जरासा उजवीकडे कललेला. मी बघितलं ना भिंगातून. प्रोग्रामला वाटतं, तोच मध्य. मग स्टिक स्वतःच्या जागी आली की त्याला ती डावीकडे गेल्यासारखी वाटते.”

“मी कुठे दाबत होते?” आत्या म्हणाली. “नुसता ठेवला होता अंगठा.” बोलता बोलता तिने आपला डावा हात हवेत धरला, अदृश्य दांड्यावर ठेवल्यासारखा, आणि त्याच्याकडे पाहत राहिली. अंगठा उजवीकडे कललेला होता. “दांड्यात ढिलेपणा असतो,” ती म्हणाली. “बोटभर. तो आधीच एका बाजूला काढून ठेवावा लागतो, नाहीतर भार उचलताना हिसका बसतो. मास्तरांनी शिकवलं तसं. सगळे तसंच धरतात.”

“या स्टिकला ढिलेपणा नाही गं,” भाची म्हणाली.

“मला काय माहीत? मी सव्वीस वर्षं तोच काढतेय.”

पुढच्या वेळी भाचीने तिचे दोन्ही हात धरून मांडीवर ठेवले आणि कळ स्वतः दाबली. पिवळा दिवा लागला. आत्याची बोटं मांडीवर चुळबुळ करत होती. दिवा हिरवा झाला. तिने कंट्रोलर उचलला, आणि कंटेनर जिथे होता तिथेच शांत लटकत राहिला. मग तिने तो आणखी वर घेतला, आडवा नेला, ट्रकच्या वर आणून एक श्वास थांबवला आणि चार खुंट्यांवर असा सोडला की ट्रकच्या स्प्रिंगसुद्धा हलल्या नाहीत. हिरव्या अक्षरांखाली गुण आले. भाचीपेक्षा सदतीस जास्त.

“सदतीस!” आत्या म्हणाली. “वाच, वाच मोठ्याने. मला चष्म्यातून नीट दिसत नाही.”

तिला स्वच्छ दिसत होतं. भाचीने मोठ्याने वाचलं, दोनदा. मग आत्याने आणखी अकरा कंटेनर ठेवले आणि अकराही वेळा मोठ्याने वाचायला लावलं. दादाने तेवढ्यात खिशातला पाचवा स्क्रू चाचपून पाहिला आणि विषय काढला नाही.

दुसऱ्या दिवशी दहाला परीक्षेच्या खोलीत आत्या खुर्चीवर बसली. परीक्षक बाईंनी सुरू करा म्हटलं. आत्याने कळ दाबली आणि दोन्ही हात मांडीवर ठेवले.

“घाबरू नका,” बाई म्हणाल्या. “कंट्रोलर धरा.”

“धरते. दिवा हिरवा होऊ दे.”

दिवा हिरवा झाला. वीस मिनिटांत तिने बारा कंटेनर ठेवले. बाराव्याला बाई खुर्ची सोडून तिच्या मागे येऊन उभ्या राहिल्या होत्या. एवढे गुण या खोलीत अजून कुणाला पडले नव्हते, असं त्यांनीच सांगितलं. आत्याने मान डोलावली, उठली आणि खुर्ची बाईंकडे फिरवली.

“आता तुम्ही बसा. डावा अंगठा इथे ठेवा. जरासा उजवीकडे. हां. आता कळ दाबा.”

बाईंचा कंटेनर डावीकडे निघाला. त्यांनी तो तीनदा परत आणला. चौथ्यांदा तो समुद्रात गेला. बाईंनी कपाटातून नापास झालेल्या तिघांचे कागद काढले आणि मुख्य अभियंत्यांना फोन लावला.

आत्याने घरी फोन केला नव्हता. खिशात फोन दोनदा वाजला तरी तिने तो काढला नाही. ती जिना उतरून सरळ फाटकाकडे चालत गेली, आणि आज ती दुसरीकडे बघत नव्हती.

लंबूमास्तर टेबलाशी वाकून बसले होते. उजव्या हातात शिक्का होता. डावा हात टेबलाच्या कडेवर होता, अंगठा जरासा उजवीकडे कललेला.

“झाली का गं परीक्षा?” त्यांनी मान वर न करता विचारलं.

“झाली.”

“मग?”

“पास. मास्तर, तो हात उचला बघू.”

“कुठला हात?”

 टेबलाच्या कडेवरून त्यांचा डावा हात तिने दोन्ही हातांनी उचलला, त्यांच्या मांडीवर ठेवला आणि वरून आपल्या तळव्याने दाबून धरला.

“असाच ठेवायचा. दिवा हिरवा होईपर्यंत. मग धरायचं. तुमचे हात अजून तसेच आहेत, मास्तर. उद्या दहाला वर बोलावलंय तुम्हाला.”

मास्तरांनी तिच्याकडे पाहिलं, मग मांडीवरच्या आपल्या हाताकडे.  फाटकाशी उभ्या ट्रकने भोंगा वाजवला, मागच्यानेही वाजवला.

“थांबा रे दोन मिनिटं,” मास्तर म्हणाले. हात त्यांनी मांडीवरून उचलला नाही.