न आलेल्याची जुडी

महेशने इंजिनिअरिंग दुसऱ्या वर्षाला सोडलं, तेव्हापासून मखमलाबादच्या त्यांच्या घरात प्रत्येक म्हाताऱ्याला त्याच्या आयुष्याबद्दल मत फुटायला लागलं होतं, आणि ज्यांनी जन्मात एक धड निर्णय घेतला नव्हता त्यांची मतं सगळ्यात लांबलचक. आजोबा चिमाजी या मंडळींचे म्होरके. कोथिंबिरीच्या जुड्या बांधायच्या, संध्याकाळी लिलावाला न्यायच्या, आणि मधल्या वेळात नातवाला टोचायचं, एवढा त्यांचा दिवस.

"काय करतो रं दिवसभर खोलीत?"

"पिक्चर बघतो. तेच काम आहे."

"मंग मी उगाच राबून म्हातारा झालो."

काम मात्र खरं होतं. जर्मनीतल्या एका संग्रहालयाला शंभर वर्षांपूर्वीच्या मूकपटांची नोंद करून हवी होती, आणि महेशच्या वाट्याला आला होता एमिल क्राउटनर. या नटाची सगळी कारकीर्द मागच्या रांगेत गेली. १९१३ ते १९२६, एकतीस चित्रपट. कुठे वेटर, कुठे पोस्टमन, दोनदा तर नुसतं प्रेत. तो कितव्या मिनिटाला दिसतो ते लिहायचं. सोमवारपर्यंत एकतीसही नोंदी गेल्या तर वर्षभराची नोकरी. एक जरी राहिली तर आजोबांशी झालेल्या बोलीप्रमाणे महेशने कायमचं कोथिंबिरीत बसायचं.

एमिल त्याला आवडायला लागला. पुढे बडे नट मिशा पिळत उभे, आणि हा मागे आपला लाजत कान खाजवतोय. घरातही पुढची रांग म्हाताऱ्यांनीच अडवलेली होती, त्यामुळे महेशला त्याचं दुःख समजावून सांगायला कुणी लागलं नाही.

बाविसाव्या चित्रपटात एमिल भाजीवाला झाला होता आणि गाजरांच्या जुड्या मोजत होता. जर्मन 'एक' म्हणताना ओठ मिटत नाहीत, हे महेशला ठाऊक होतं. एमिलचे मिटले. महेशने तो तुकडा सात-आठ वेळा मागे नेला. पहिल्या जुडीला 'एक'ऐवजी शुभ म्हणून 'लाभ', मग दोन, मग तीन. अगदी आजोबा मोजतात तसं. मोजणी संपल्यावर एमिलने एक जुडी, तिच्याकडे न बघताच, डाव्या हाताला वेगळी ठेवली.

हे तर बाजारात फक्त चिमाजी करायचे, आणि सगळे त्यांना हसायचे. 'न आलेल्याची' म्हणायचे ते तिला. कोण आला नाही असं विचारलं, की म्हणायचे, आला की कळंल.

महेशने लॅपटॉप उचलून त्यांच्यापुढे धरला. आजोबांनी चष्मा सारखा करून शेवटपर्यंत पाहिलं.

"मोजतोय बरोबर," ते म्हणाले. "हात लय हळू हाय पण."

तीस नोंदी झाल्या. एकतिसाव्यात बाजाराचं मोठं दृश्य होतं, शेकडो माणसं, आणि त्यात एमिल नव्हता. तीनदा पाहिलं, नव्हताच. रविवारी दुपारी वैतागून महेश ओट्यावर येऊन बसला आणि मुकाट्याने जुड्या बांधायला लागला. पहिल्याच जुडीला त्याने सुतळीचे दोन फासे काढून बुटाच्या लेसची गाठ मारली, कारण दुसरी गाठ त्याला येतच नव्हती.

"जुडीला बूट घालतो का रं?" आजोबा खुशीत आले. "ही कोण घेणार? जाऊ दे, न आलेल्याला होईल."

संध्याकाळी लिलावात आजोबांनी ती डाव्या हाताला ठेवली. महेश चहा पिऊन परत आला, तर ती जागा मोकळी.

"घेऊन गेला," आजोबा म्हणाले. "आला एकदाचा."

"कोण?"

"नाव कुठं इचारलं? लाजाळू हाय गडी. नुसता कान खाजवत हुबा होता."

घरी येऊन महेशने एकतिसावा चित्रपट चौथ्यांदा लावला. एकेचाळिसाव्या मिनिटाला, गर्दीच्या अगदी मागे, एमिल उभा होता. तेरा वर्षांच्या कारकिर्दीत पहिल्यांदाच तो सरळ समोर बघून हसत होता, आणि छातीशी धरलेल्या कोथिंबिरीच्या जुडीवर सुतळीचे दोन फासे स्पष्ट दिसत होते.

महेशने मिनिट लिहिलं. नोंद पाठवून दिली.

नोकरी लागली. आईने, सिंधुबाईंनी, शिरा केला. आजोबांनी गल्लीभर पेढे वाटले, आणि पिक्चर बघायचा पगार घेणारा नातू अख्ख्या पंचक्रोशीत आपल्याच घरात निघाला, असं ज्याला-त्याला सांगत सुटले. दुसऱ्या दिवसापासून काम सुरू होणार, म्हणून त्या संध्याकाळी महेश शेवटचं त्यांच्याबरोबर लिलावाला गेला. लाभ, दोन, तीन करत त्यांनी मोजणी संपवली आणि एक जुडी सवयीने डाव्या हाताला ठेवली.

"आता कशाला, आजोबा? तो तर येऊन गेला."

"त्याची कुठं हाय?" चिमाजी हसले. "उद्यापासनं तू नाय ना येणार. ही तुझी."

महेशही हसला. मग त्याच्या लक्षात आलं, आपण सगळ्यांच्या मागे उभे आहोत, आणि मघापासून कान खाजवतोय.