एनो, मी लिनिया

"पाळणाघरात रेइनोला नको पाठवूस, हेल्मी. ज्याला सख्ख्या बहिणीचा चेहरा ओळखू येत नाही, तो एवढ्या पोरांतून आपली लिनिया कशी निवडणार?"

सासूबाई हे म्हणाल्या तेव्हा सप्टेंबर होता. माझ्या लेकीच्या, लिनियाच्या, गेल्या वर्षीच्या स्नोसूटची, म्हणजे बर्फात घालायच्या जाड पोशाखाची, चेन अजून नीट लागते का, ते मी बघत होते. मी हसून म्हटलं, "डोरीन, त्याला चेहरा लागतच नाही."

"लागतो गं. सगळ्यांना लागतो. माणसं काय बुटांवरून ओळखायची असतात?"

"तो ओळखतो."

"मग बुटांनाच आणायला पाठव," असं म्हणून त्यांनी कॉफी ओतून घेतली. त्यांचं म्हणणं मी तिथेच सोडून दिलं. दुसरा उपायही नव्हता. नवरा कर्टिस उत्तरेला खाणीवर. दोन आठवडे तिकडे, मग थोडे दिवस घरी. मंगळवारी आणि गुरुवारी माझं कॉलेजमधलं काम पाळणाघर बंद झाल्यावर सुटतं. त्यामुळे त्या दोन दिवशी लिनियाला आणायचं काम माझ्या थोरल्या भावाकडे होतं.

रेइनो शहराच्या बस धुतो. बस आत घ्यायची, ब्रश फिरवायचे, खालचं मीठ धुऊन काढायचं. हिवाळाभर आमच्या ह्या कॅनडातल्या थंडर बेच्या रस्त्यांवर बर्फ वितळवायला इतकं मीठ टाकतात की ते नीट धुतलं नाही तर बसचा तळ गंजून जातो. त्याला हे काम आवडतं. बस कधी केस कापून येत नाही.

लहानपणी एकदा आमच्या वडिलांनी दाढी काढली. सकाळी रेइनो स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून आईला म्हणाला, "इसाच्या खुर्चीत एक माणूस बसलाय. त्याला सांग, इसा आता येईल." घरात आम्ही वडिलांना इसा म्हणायचो. त्यांनी पुन्हा दाढी वाढवली ती कायमचीच. माझ्या लग्नाच्या फोटोसाठीही मी ती काढायला लावू शकले नाही.

पुढे तिशीत डॉक्टरांनी त्याला ऑटिझम असल्याचं सांगितलं. तपासणीत त्याला चेहऱ्यांचे फोटो दाखवले होते: हा रागावलाय की घाबरलाय? रेइनोने बराच वेळ बघून सांगितलं, "ह्याची कॉलर दुमडलीय." डॉक्टरीणबाई म्हणाल्या, ऑटिझम असलेल्या सगळ्यांचंच असं नसतं, पण काहींना चेहरे लक्षात राहत नाहीत, काहींना चेहऱ्यावरचे भाव पटकन कळत नाहीत. रेइनोच्या वाट्याला दोन्ही आलंय.

माझं नेमकं उलट. मी चेहऱ्यांवर नको इतकं वाचते. दुकानातल्या बाईची भुवई हलली की मी रात्रभर विचार करते, आपण काय चुकीचं बोललो. रेइनोजवळ बसलं की माझा जीव शांत होतो. तो विचारतो, "रागावलीस?" मी म्हणते, "नाही." आणि तो विषय संपतो. जगात दुसऱ्या कुणाबरोबर माझा विषय इतक्या लवकर संपत नाही.

लिनियाला तो चालीवरून ओळखायचा. ती डावा पाय जरा जोरात टाकते. फाटकाशी उकिडवा बसून तो हाक मारायचा, "लिनिया!" आणि कधी चुकायचा नाही. ती "एनो!" म्हणत त्याच्या अंगावर कोसळायची. एनो म्हणजे मामा, आमच्या फिनिश घरांतला.

मग हॅलोविन आलं, पोरांनी सोंगं घ्यायचा सण, आणि ते नेमकं गुरुवारी. आमच्याकडे हॅलोविनचा पोशाख दोन मापं मोठा शिवतात, कारण तो स्नोसूटवरून चढवायचा असतो. परी असो नाहीतर चेटकीण, आतून सगळी एकजात गोल, जाड, हात बाजूला काढून डुलत चालणारी. रेइनोचा सगळा भरवसा चालीवर, आणि त्या दिवशी सगळ्या पोरांची चाल एकच होती. हे माझ्या ध्यानातच आलं नाही. मी त्याला फोनवर फक्त सांगितलं, "लिनिया बीव्हर झालीय. मोठी चपटी शेपटी आहे, मी शिवलीय." बीव्हर म्हणजे नदीत लाकडांचे बांध घालणारा इकडचा प्राणी.

दुपारी पाळणाघराच्या मिसेस पेल्कींचा फोन आला. "लिनिया इथेच आहे, सुखरूप आहे. पण तुम्ही लगेच या."

मी पोचले तेव्हा लिनिया बाकावर बसून बिस्किट खात होती. तिच्या अंगावर आगीच्या बंबावाल्याचा कोट होता. माझा बीव्हर फाटकाशी डार्सी नावाच्या बाईच्या कडेवर होता. आत तिचा मुलगा, ओवेन. पोरांनी पोशाख बदलले होते. मफलर नाकापर्यंत वर असल्याने आवाजही धड कळत नव्हता. रेइनोने बीव्हरचा हात धरला, बीव्हर खुशीत निघाला, आणि फाटकाबाहेर डार्सीने त्यांना गाठलं.

रेइनो भिंतीशी उभा होता. हसत होता.

"बघा, बघा! माझं पोर घेऊन चालला होता आणि वर दात काढतोय!" डार्सी ओरडली.

ते हसू मला माहीत होतं. समोरचं माणूस हसलं की आपणही हसायचं, हे आईने त्याला मोठ्या कष्टाने शिकवलं होतं. डार्सीचं तोंड उघडं होतं, दात दिसत होते, आवाज मोठा होता. त्याने हिशेब केला, बाई हसतेय.

"डार्सी, तो हसत नाहीये..."

"मला डोळे आहेत, हेल्मी!"

"आई," बीव्हर कडेवरून म्हणाला, "तो मला बस धुवायचं मशीन दाखवणार होता!" म्हणजे आगीत तेलच.

मी भावाजवळ गेले. "रेइनो, त्या रागावल्यात. खूप घाबरल्यात."

हसू पुसल्यासारखं गेलं. त्याने डार्सीच्या बुटांकडे बघून म्हटलं, "मला वाटलं, तुम्हाला मजा वाटतेय." मग तो मान खाली घालून चालत निघून गेला. मिसेस पेल्की मला हळूच म्हणाल्या, "तूर्तास त्यांनी इथे न आलेलंच बरं." त्यांचंही चुकलं नव्हतं. माझी मुलगी कुणी अशी नेली असती तर मी डार्सीपेक्षा मोठ्याने ओरडले असते.

नंतर रेइनो फोन उचलेना. कामावर जायचा, घरी यायचा, एवढंच. डोरीन आपला बिंगोचा खेळ सोडून लिनियाला आणू लागल्या. "मी म्हटलं नव्हतं?" असं त्या एकदाही म्हणाल्या नाहीत. मी वाट बघत होते, पण नाही.

एका रविवारी मी लिनियाला घेऊन त्याच्या घरी गेले. वाटेत त्याच्या आवडीचे गुलाबी आयसिंगचे बन घेतले. त्याने दार थोडं किलकिलं केलं, खाली बघितलं आणि विचारलं, "काय पाहिजे?"

माझ्या पायांत नवे बूट होते. माझ्या सख्ख्या भावाने मला विचारलं, काय पाहिजे.

"एनो, मी लिनिया," पोरगी म्हणाली. "आणि ही आई. तिने बूट बदललेत."

"असं होय," म्हणून त्याने दार उघडलं.

आम्ही बन खाल्ले. मी म्हटलं, "मंगळवारचं बघू या का पुन्हा? मी पेल्कींशी बोलते."

"नको."

"अरे, पोशाखांचा घोळ होता. कुणाचीही चूक झाली असती."

त्याने बन बशीत ठेवला आणि म्हणाला, "तो पोरगा घाबरला असता, तर मला कळलं असतं?"

"रडला असता तर कळलं असतंच की."

"आवाज न करता घाबरला असता तर?"

हो म्हणायचं माझ्या अगदी ओठांवर आलं होतं. पण त्याच्याशी मी कधी खोटं बोलत नाही. "नाही," मी म्हटलं. "नसतं कळलं."

"म्हणून नको."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. त्याला ते दिसलं नाही, पण नाक ओढल्याचं ऐकू आलं. "रडतेस? माझ्यामुळे?"

"तुझ्यासाठी रे, येड्या."

लिनिया बोटावरचं आयसिंग चाटत होती. ती म्हणाली, "पण मला एनो कळतो ना! तू नुसता उभा राहा. मी येते तुझ्याकडे."

आम्ही दोघं तिच्याकडे बघत राहिलो. इतकी वर्षं सगळ्यांना ओळखायचं ओझं त्याच्याच डोक्यावर ठेवलं होतं. ते दुसऱ्या कुणी उचलावं, हे माझ्यासारख्या शिकल्यासवरल्या बाईलाही सुचलं नव्हतं.

असं असेल तर येतो, म्हणून रेइनो तयार झाला; हो म्हणायला मिसेस पेल्कींनी मात्र वेळ घेतला. डार्सीला मी घरी जाऊन भेटले. "मला अजून भीती वाटते," ती म्हणाली. "पण हरकत घेणार नाही." ह्यापेक्षा जास्त मी तिच्याकडून कशाच्या जोरावर मागणार होते?

जानेवारीपासून तो परत जाऊ लागला. एका मंगळवारी मी लवकर सुटून रस्त्यापलीकडे गाडीत बसून राहिले. रेइनो दिव्याच्या खांबाशी उभा होता, दोन्ही हात खिशात. पोरं बाहेर आली, त्याच्या दोन्ही बाजूंनी गेली. त्याने एकाकडेही मान वळवली नाही. शिक्षिकेबरोबर लिनिया आली, त्याच्या कोटाला धरून काहीतरी म्हणाली. तो वाकला, ऐकलं, आणि मगच त्याचा हात खिशातून बाहेर आला. उकिडवं बसून हाक मारणं त्याने सोडलंय. ती हाक मला आठवते.

डोरीन हल्ली त्याच्यासमोर आल्या की आधीच सांगून टाकतात, "मी डोरीन. चिडलेले नाही, माझं तोंडच असं आहे." तो गंभीरपणे मान डोलावतो.

तुमच्याही जिन्यात, गल्लीत असं कुणीतरी असेल. रोज भेटून ओळख न दाखवणारं, किंवा भलत्या वेळी हसलेलं. लोकांनी त्याला शिष्ट ठरवलं असेल आणि हळूहळू बेल वाजवणं सोडून दिलं असेल. आज जरा जाऊन या. दार उघडलं की तुमचं नाव तुम्हीच सांगा, कसा आहेस म्हणून विचारा. तो "ठीक" म्हणेल. लगेच परत फिरू नका, जरा वेळ तिथेच थांबा.