कुलूप लागलेलं गाव

“सिस्टर, गावाले कुलूप लागलं.”

पिंकी इतक्या हळू बोलली की राखीला वाटलं, हात दुखतो म्हणते आहे. रक्ताची पिशवी नुकतीच लावली होती. राखीनं आधी नळी पाहिली, मग सुईभोवतीची पट्टी पाहिली, आणि सगळं ठीक आहे म्हटल्यावर पोरीच्या नजरेमागून टीव्हीकडे पाहिलं.

पडद्यावर नेहमीसारखी खेळांची चित्रं होती. एकेका चित्राच्या कोपऱ्यात लहानसं कुलूप होतं. गावाच्या चित्रावरही.

“रिमोट दे इकडे,” राखी म्हणाली. तिनं दाबून पाहिलं. पडद्यावर इंग्रजी मजकूर आला. तिनं तो दोनदा वाचला. सदस्यत्व संपलं आहे, खेळायचं असेल तर पुन्हा घ्या, एवढा त्याचा अर्थ होता.

“पण हे तं आपले हायेत नं?” पिंकीनं विचारलं. “आपन घेतलेले.”

“आपलेच हायेत. मशीन पागल झालं आसंन,” राखी म्हणाली आणि मशीन बंद करून पुन्हा चालू केलं. कुलपं तशीच होती.

ही खोली दवाखान्याच्या मागच्या अंगाला होती. दर शनिवारी तिथे किरनापूर, लालबर्रा, खैरलांजीकडची सिकलसेल, थॅलेसेमिया अशा रक्ताच्या आजारांची मुलं आपापल्या पाळीनं बसनं येत, आणि अंगात रक्त चढेपर्यंत खाटांवर पडून राहत. राखी बोरकर त्या खोलीची नर्स. कंत्राटी. दर मार्चला तिचं कंत्राट संपे आणि कधी एप्रिलमध्ये, कधी मेमध्ये पुन्हा सुरू होई. मधल्या दिवसांतही ती शनिवारी येतच असे, कारण या मुलांच्या शिरा तिला ठाऊक होत्या.

टीव्ही आणि खेळायचं मशीन गेल्या वर्षी गावातल्या एका सेवा मंडळानं दिलं होतं. मंडळाचे अध्यक्ष बंडोपंत, निवृत्त तहसीलदार. त्यांचा मुलगा यशोधन बंगळुरूला नोकरीला. तो तेव्हा सुट्टीवर आला होता; त्यानंच मशीन जोडलं, स्वतःचं खातं त्यात टाकलं आणि मुलांना शिकवलं. दर महिन्याला कंपनी नवे खेळ देते, म्हणाला, हे बटण दाबायचं की खेळ तुमच्या संग्रहात जमा.

ते बटण दाबायचा मान मुलांनी आळीपाळीनं वाटून घेतला होता. दाबलं की सगळी खोली ओरडायची, “आपला झाला!” खेळ कोणताही असो. पण जीव जडला तो एकाच खेळावर. नदीकाठच्या रिकाम्या जागेवर गाव वसवायचं. एक मूल रक्त चढेपर्यंत बांधायचं, मग दुसरं. पिंकीनं विहीर खणली होती. तिनंच शाळा बांधली आणि शाळेला मुद्दाम चार दरवाजे ठेवले, कारण तिच्या खऱ्या शाळेत एकच होता आणि तिथे धक्काबुक्की व्हायची. नदीला सगळे वैनगंगाच म्हणत.

राखीला मात्र गावाचं वेगळंच अप्रूप होतं. पूर्वी सुई लावताना मुलाला धरायला दोन माणसं लागत. गाव आल्यापासून मुलं स्वतः हात पुढे करत आणि पडद्यावरची नजर हलवत नसत. सुई कधी गेली, हे त्यांना पट्टी लावताना कळायचं.

कुलूप लागलं त्या शनिवारी खेमराजला तिघांनी धरलं. लालबर्ऱ्याचा हा सात वर्षांचा पोरगा हाडांचा नुसता सापळा होता. त्याच्या शिरा सुताच्या धाग्यासारख्या. तो ओरडला नाही, पण त्याच्या घरच्या हिंदीत “सिस्टर, मेरा घर खोल दो ना पहले” असं एकसारखं म्हणत राहिला. दुसऱ्या टोचणीलाही शीर सापडली नाही. राखीला तिसऱ्यांदा टोचावं लागलं.

ड्युटी संपल्यावर ती घरी गेली नाही. स्कूटी थेट बंडोपंतांच्या घराकडे वळवली.

बंडोपंत अंगणात गुलाबाला पाणी घालत होते. “या, या राखीताई! कशी आहेत आपली मुलं?” म्हणत त्यांनी खुर्ची दिली, आत चहा सांगितला.

“काका, खेळाले कुलूप लागलं,” राखी म्हणाली. “एक बी उघडत नाई.”

“अरेच्चा. यशोधनला विचारू.” त्यांनी लगेच मुलाला व्हिडिओ फोन लावला आणि मोबाइल दोघांच्या मध्ये धरला. यशोधन कुठेतरी गाडीत बसला होता.

“अच्छा, ते,” तो म्हणाला. “हो ताई, माझं जुनं कार्ड बंद झालं ना, त्यामुळे सबस्क्रिप्शन पुढे गेलं नाही. माझ्या लक्षातच आलं नाही.”

“सबस्क्रिप्शन संपलं म्हंजे नवे खेळ नाई येनार, हे समजलं मले. पन जुने? ते तं पोरायनं घेतलेले होते. बटन दाबून.”

“नाही ताई, घेतलेले म्हणजे तसे घेतलेले नाहीत. ती फक्त वापरायची परवानगी असते. जोपर्यंत चालू आहे, तोपर्यंत तुमचं.”

जोपर्यंत चालू आहे, तोपर्यंत तुमचं. राखीला हे वाक्य पाठ होतं. दर मार्चला कोणी ना कोणी टेबलापलीकडून तिला हेच ऐकवत असे, असंच सहज, असंच हसून. तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

“हे तवा काहून नाई सांगतलं?” ती म्हणाली. “तुमीच म्हनलं नं, तुमच्या संग्रहात जमा? पोरायले जमा म्हंजे जमाच वाटनार!”

“अटींमध्ये लिहिलेलं असतं, ताई. आपण सगळेच न वाचता ‘मान्य’ दाबतो. ही काही माझी चूक नाही, कंपनीचं धोरण आहे.”

“आन् गाव? ते तं कंपनीनं नाई बांधलं. ते पोरायनं बांधलं. रक्त चढवता चढवता बांधलं.”

“गाव मशीनमध्ये आहेच की. पुसलं गेलेलं नाही. फक्त उघडता येणार नाही.”

“वा!” राखी म्हणाली. “घर हाय, फक्त आत जाता येनार नाई.”

यशोधन मीटिंगचं निमित्त सांगून फोनवरून गेला. चहा आला. बंडोपंतांनी कप तिच्यापुढे सरकवला आणि समजुतीच्या सुरात म्हणाले, “राखीताई, रागावू नका, पण हे धर्माची गाय आणि दात का गं नाहीत, असं झालं. वर्षभर मुलं खेळली ना? आनंद मिळाला ना? तेवढ्यावर समाधान मानावं माणसानं.”

“दाताचं नाई इचारून राह्यली मी, काका. गाय तुमच्याच गोठ्यात बांधली होती, आन् आमाले सांगतलं का तुमाले देली. ते इचारून राह्यली.”

बंडोपंतांचा चेहरा उतरला, पण आवाज त्यांनी चढू दिला नाही. तहसीलदारकीत मुरलेला माणूस. “बरं, असं करू. मंडळातर्फे पुन्हा सुरू करू. एक छोटा कार्यक्रम ठेवू. मुलांना सारखे टी-शर्ट देऊ, पत्रकारांना बोलावू. लोकांना कळलं म्हणजे देणगीदार वाढतात. रविवारी मुलांना बोलवून घ्या.”

“रविवारी? एका फोटोसाठी ते पोरं पुन्हा बसनं येतीन? दुसऱ्याच दिवशी?”

“त्यात काय एवढं?”

राखी उठली. “नको आमाले,” एवढंच म्हणाली. चहा तसाच राहिला.

घरी नवऱ्यानं, हिरालालनं, तिचा चेहरा पाहूनच ओळखलं. तो राईस मिलमध्ये मशीनवर असे, घरी आल्यावर मोजकं बोले. सगळं ऐकून म्हणाला, “तू काहून इतली तापून राह्यली? खेळच तं हाय. त्या बंडोपंताची वरपर्यंत ओळख हाय. मार्च येऊन राह्यला, मालूम हाय नं तुले?”

“मालूम हाय.”

“मंग?”

“मंग काई नाई. जेव तू.”

ती भांडी घासत राहिली. आवाज जरा जास्तच होत होता. तिला स्वतःचीच चीड येत होती, की आपण बोललो ते कमी बोललो. आणि तरी कुठेतरी खोल हेही टोचत होतं की ‘नको आमाले’ म्हणताना आपण कोणाच्या वतीनं नको म्हणालो? हात आपला नव्हता टोचला जात.

दोन आठवड्यांनी, खेमराजच्या पुढच्या पाळीच्या शनिवारी, ते उत्तर मिळालं. खेमराजनं खोलीच्या दारातच बापाच्या पायाला मिठी मारली. आत यायलाच तयार होईना. शेवटी बापानं उचलून आणला, खाटेवर दाबून धरला. राखी वाकली तर त्यानं तिच्या मनगटाला चावा घेतला. शीर शोधली, सुई लावली, पट्टी लावली. मग व्हरांड्यात जाऊन तिनं बंडोपंतांना फोन केला. मनगटावर दात उमटले होते.

“करा काका कार्यक्रम,” ती म्हणाली. “टी-शर्ट आना, पत्रकार आना. पन शनिवारीच करा. पोरं वेगळ्या दिवशी येनार नाईत.”

“अगदी, अगदी,” बंडोपंत खूश होऊन म्हणाले. “रागाच्या भरात माणूस बोलतो. मी मनावर घेतलं नाही.”

हे तिला चाव्याहून जास्त लागलं.

आणखी दोन आठवड्यांनी, शनिवारी, खोलीत ‘सप्रेम भेट’ लिहिलेला बॅनर टांगला गेला. मुलांना पिवळे टी-शर्ट मिळाले. काहींच्या हाताला आधीच सुई होती, त्यांचे टी-शर्ट नुसते छातीवर पसरून ठेवले. मंडळाची माणसं, दोन पत्रकार, फुलं, समोसे. मुलांचे आईबाप भिंतीला पाठ लावून उभे. बंडोपंतांनी सेवेवर भाषण केलं आणि रिमोटचं बटण दाबलं. कुलपं गेली. मुलांनी टाळ्या वाजवल्या. मनापासून वाजवल्या.

“आता आपल्या मुलांपैकी कोणीतरी दोन शब्द सांगावेत,” बंडोपंत म्हणाले. ते पिंकीच्या खाटेपाशी गेले, कारण ती सगळ्यांत मोठी होती. “सांग बाळ. कसं वाटतंय?”

पिंकीनं त्यांच्याकडे पाहिलं. “काका, हे आमचं हाय का?”

“अगं, तुमचंच! तुमच्यासाठीच तर आणलंय.”

“म्हंजे पुढच्या साली बंद नाई होनार?”

बंडोपंत हसले. मंडळाची माणसंही हसली. “पुढच्या वर्षीचं पुढच्या वर्षी पाहू, बाळ.”

“मंग आमचं नाई,” पिंकी म्हणाली. तिच्या आवाजात भांडण नव्हतं, हिशेब चुकला तर मास्तरांना दाखवावा तसं ती बोलत होती. “मंग असं सांगा नं, वापराले देलं. आमी तसंच वापरू. मांगच्या साली तुमी ‘तुमचं’ म्हनलं, म्हनून मी इहीर खनली. नाईतर नसती खनली.”

फोटोवाल्यानं कॅमेरा खाली घेतला.

“पिंके, चूप!” तिचा बाप डोमाजी भिंतीपासून पुढे आला. किरनापूरला त्याची सायकल दुरुस्तीची टपरी होती. त्यानं बंडोपंतांपुढे दोन्ही हात जोडले, पार कपाळापर्यंत. “साहेब, माफ करा. लहान हाय. तिले समजत नाई. तुमी देलं, लई झालं.”

ते जोडलेले हात पाहिले आणि राखीचा इतके दिवस गिळलेला संताप वर आला. बंडोपंतांवरचा राग त्यापुढे काहीच नव्हता, यशोधनवरचाही.

“डोमाजीभाऊ,” ती म्हणाली, “हात खाली घ्या.”

डोमाजी गोंधळला.

“खाली घ्या म्हनते नं. पोरीनं काय वाईट इचारलं? मी तं नर्स हाय, मोठी हाय, मले हे तवाच इचाराले पाह्यजे होतं.” मग ती बंडोपंतांकडे वळली. “काका, मशीन चालू केलं, तुमचे उपकार हायेत. ते मी नाकारत नाई. पन त्या बॅनरवर भेट लिहू नका. एका सालासाठी वापराले, असं लिहा. पोरायले जे सांगानं ते खरं सांगा. दुखनं आमी त्यायले खरंच सांगतो. सुई टोचनार, दुखनार, असं सांगूनच टोचतो.”

बंडोपंत फोटोवाल्याकडे वळून म्हणाले, “फोटो घ्या, फोटो घ्या, उशीर होतोय.” फोटो निघाला. त्यात राखी नव्हती. बॅनर तसाच राहिला. समोसे व्हरांड्यात वाटले गेले आणि माणसं गाड्यांत बसून गेली. बंडोपंत जाताना तिच्याकडे न पाहता गेले. पुढे बाजारात समोरासमोर आले, तरी तिच्या नमस्काराला त्यांनी मानही हलवली नाही. हिरालाल म्हणाला ते खरं होणार की खोटं, हे मार्चलाच कळणार होतं.

माणसं गेल्यावर खोली पुन्हा मुलांची झाली. गाव उघडलं. विहीर होती, शाळा होती, नदी वाहत होती. राखीला वाटलं, पिंकी आता शाळेमागचं अर्धवट राहिलेलं मैदान हाती घेईल.

पिंकीनं काही बांधलं नाही. तिनं सुई नसलेल्या हातानं बापाचा मोबाइल मागितला. रिमोट शेजारच्या खाटेवर खेमराजला दिला आणि म्हणाली, “हळूहळू चाल. एकेका घरापाशी थांब.”

“काहून?” राखीनं विचारलं.

“फोटू काढून घेते, सिस्टर. येक येक घराचा.”

ती काढत गेली. विहीर. शाळा, चारही दरवाज्यांकडून. पूल. खोलीतली मुलं आपापलं घर आलं की नाव सांगत, आणि ती मान हलवून फोटो घेई. हात अवघडला की राखी तिचं कोपर खालून धरी. डोमाजी दारात उभा राहून पाहत होता. त्याचे हात आता खाली होते, पण ते कुठे ठेवावेत हे त्याला समजत नव्हतं.

नदीच्या वळणावर खेमराजचं घर आलं. पिंकीनं मोबाइल उचलला.

“रुको, दीदी,” तो म्हणाला. “मेरे को दरवाजे में खड़ा होने दो.”

त्यानं रिमोटनं पडद्यावरच्या छोट्या माणसाला अंगणातून नेलं, दारात उभं केलं, तोंड बाहेर वळवलं. मग खाटेवर स्वतःही पाठ ताठ करून बसला, सुईचा हात मांडीवर नीट ठेवला, आणि पिंकीच्या बोटाकडे पाहत श्वास रोखून धरला.