सातव्या पैलूवरचा शेंदूर

मित्रांनो, मी एक जुना स्फटिक आहे. जुना म्हणजे किती, ते विचारू नका. हा सह्याद्री चुलीवरच्या पिठल्यासारखा रटरटत होता, तेव्हा त्याच्या पोटात एक बुडबुडा राहून गेला. डोंगर निवाला, त्या पोकळीत थेंब थेंब पाणी झिरपलं आणि मी हळूहळू वाढलो. मला सात पैलू आहेत. सातही पाण्यासारखे नितळ होते, हे मी जरा फुशारकीनंच सांगतो.

माझ्या जगात कुठलीच गोष्ट आपल्या जागी पक्की नसते. डोंगर सकाळी एका अंगाला असतो आणि दुपारी सरकून बसतो. वाटा पेंगतात आणि कुठे जायचं तेच विसरतात. कुणीतरी सतत पाहत राहिलं तरच त्या ठरतात, आणि हे पाहण्याचं काम आम्हा स्फटिकांचं. मी ज्याच्याकडे पाहतो ते टिकतं. नजर हटली की ते विरायला लागतं. जमिनीत होतो तोवर मी फक्त अंधार पक्का करत बसलो होतो.

घोडेगावच्या पश्चिमेला, डोंगरातल्या एका गावात तेव्हा पडकई चालली होती. पडकई म्हणजे सगळ्या घरांनी मिळून आज याचं, उद्या त्याचं भाताचं खाचर तयार करायचं. खणता खणता भागूची पहार माझ्यावर खणकन आदळली.

"आयला, ह्यो तर उजेडाचा गड्डाच हाय!" तो ओरडला.

लोकांनी मला उचलून खिंडीतल्या हिरड्याच्या झाडाखाली चौथऱ्यावर बसवलं. तिथून माझा एक पैलू झऱ्याकडे पाहत होता, एक खाचरांकडे, एक एसटीच्या सडकेकडे. सातवा पाहत होता दरीपलीकडच्या पाखरवाडीकडे. झरा आटेनासा झाला, बांध फुटेनासे झाले. लोक येता-जाता हात जोडू लागले. कौतुक कुणाला नको असतं? मीही जरा ताठ बसायला लागलो.

मग लोकांनी मला शेंदूर लावायला सुरुवात केली. पहिला लेप बसला तो मागच्या पैलूवर. तो पैलू एका कड्याकडे पाहत असे. तो कडा महिन्याभरात झिजून गेला, पण शेरडं राखणाऱ्यांखेरीज कुणाच्या ते लक्षातही आलं नाही. पुढे सडकेकडचा पैलू झाकला आणि एसटी कधी येते, कधी येत नाही, असं झालं. लोक म्हणाले, देव रुसला. त्यांनी आणखी शेंदूर आणला. झऱ्याकडच्या पैलूपर्यंत कुणाचा हात पोचत नव्हता, म्हणून गावाला पाणी तेवढं राहिलं.

भागूची वहिनी ठमाबाई. तिची धाकटी बहीण साळुबाई पाखरवाडीला दिलेली. सकाळी दोघी आपापल्या अंगणातून पलीकडच्या चुलीचा धूर बघायच्या आणि मगच कामाला लागायच्या. एका वर्षी साळुबाई तापानं फणफणली. ठमाबाईनं मला नवस बोलला. बहीण बरी झाली. ठमाबाईनं आनंदानं तेल कोमट केलं, शेंदूर कालवला आणि बरोबर सातव्या पैलूवर दोन बोटं जाड थापला.

"माज्या साळीकडं तुजं ध्यान राहू दे रं बाबा," ती म्हणाली.

मित्रांनो, मला तोंड असतं तर मी किंचाळलो असतो.

पाखरवाडीचा धूर पातळ झाला. मग घरं पुसट झाली. दरीत उतरणारी वाट वळून पुन्हा अलीकडेच वर यायला लागली. ठमाबाई घोडेगावला गेली, तर कंडक्टर म्हणाला, "आजी, ह्या नावाचा थांबाच न्हाई." फोन लावला की नुसता वारा वाजायचा. ती बिचारी दर अमावास्येला माझ्यापाशी यायची, बहिणीसाठी रडायची आणि त्याच पैलूवर नवा लेप द्यायची. अशी अकरा वर्षं गेली. दर लेपाला साळुबाई आणखी लांब जात होती आणि मला आतल्या आत फार वाईट वाटत होतं. त्यातच गावानं वर्गणी काढून मला चांदीचे डोळे बसवले. डोळे सुरेख होते, पण त्यांतून काहीएक दिसत नव्हतं.

यंदा घोडेगावात डोळ्यांचं शिबिर झालं आणि ठमाबाईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. पंधरा दिवसांनी ती काळा चष्मा लावून खिंडीत आली. सोबत भागू होता. शेंदराला एके ठिकाणी तडा गेला होता आणि तिथून माझा जरासा उजेड बाहेर येत होता. तिनं चष्मा कपाळावर सरकवून तिथं डोळा लावला.

"भाऊजी, ह्याला मोतीबिंदू झालाय."

"काय बोलता वैनी! देवाला कुटं मोतीबिंदू असतोय?"

"मला बी वाटायचं, जगच धुरकाट झालंय. जग चांगलंच व्हतं. पडदा माज्या डोळ्यावर व्हता."

तिनं खुरपं काढलं. भागूनं हात आडवा घातला. "कोप व्हईल, वैनी!"

"व्हऊ द्या. अकरा वरसं साळीचं त्वांड न्हाई दिसलं. त्याच्यापरीस मोटा कोप कोंचा असतोय?"

भागूनं हात मागे घेतला. तिनं लेपासाठी आणलेलं कोमट तेल सोडलं आणि खुरप्याच्या टोकानं हळूहळू उकरलं. डॉक्टरनं वाकू नको म्हणून सांगितलं होतं, म्हणून ती ताठ बसून करत होती. चांदीच्या डोळ्यांसकट सगळं कवच गळून पडलं. ऊन आत शिरलं आणि मी दिपून गेलो.

पण पलीकडे नुसतं धुकं होतं. अकरा वर्षांत मीच पाखरवाडी विसरलो होतो! काय बसवायचं, कुठे बसवायचं, काही आठवेना. मी फार घाबरलो.

ठमाबाईनं धुकं पाहिलं. मग मला टेकून, स्वतःशीच बोलावं तशी बोलू लागली. "तितं वरल्या अंगाला साळीचं घर व्हतं. दारात शेवगा. पल्याड कोंबड्यांचं खुराडं. घरावर लाल कौलं..." ती सांगत गेली आणि मी तसतसं पलीकडे पाहत गेलो. तिच्या बोलण्यानं मला आठवलं, साळुबाईच्या घरावर खरं तर गंजका पत्रा होता. तरी मी कौलंच घातली. दिवस कलता कलता पलीकडून बारीक धूर निघाला. ठमाबाईनं पदर तोंडात कोंबला.

तिसऱ्या दिवशी काठी टेकत साळुबाई वर आली.

"ताई! वाट कुटं ठिवली व्हतीस गं?"

दोघी गळ्यात पडून रडल्या. मलाही भरून आलं. मग साळुबाईनं डोळे पुसले आणि पदराची गाठ सोडली. आत शेंदराची पुडी होती. तिनंही तिकडून नवस बोलला होता, ताई भेटली तर खिंडीतल्या देवाला शेंदूर लावीन. तिनं बोटं तेलात बुडवली आणि हात सरळ माझ्या सातव्या पैलूकडे आला.

ठमाबाईनं तो वरच्यावर धरला. "नगं, साळे. बगू दे त्याला."

तर मित्रांनो, कधी या खिंडीतून गेलात तर हात जोडा, ओल्या फडक्यानं मला पुसा, हवं तर दोन गोष्टी सांगा. फक्त माझ्यासमोर उभे राहू नका, जरा बाजूला व्हा. पलीकडे साळुबाई भाकरी थापतेय.