भंडाऱ्याची शपथ

सकाळी डेअरीच्या ओसरीवर हौसरावांनी ताटात बेल-भंडारा मांडला, तेव्हाच एस्थर दोन पावलं मागं सरली. पक्षाच्या तालुका उपाध्यक्षाची निवडणूक, हौसराव विरुद्ध शितल, मतदान गुप्त. आणि गुप्त म्हटलं की हौसरावांचं डोकं फिरायचं. वरवंडच्या कार्यालयात अकरा जण मत टाकणार, त्यातले सहा आपले, असा त्यांचा हिशेब होता. पाच जणांनी भंडारा उचलून शपथ घेतली. जालिंदरनं तर ताटाला कपाळ टेकवलं.

एस्थर सहावी. तिनं हात पदराखाली घेतले.

"आमच्यात शपथ घेत न्हाईत, आप्पा. व्हय म्हंजी व्हय."

"बरं. स्टीफन कुठवर गेलाय टँकर घिऊन?" हौसरावांनी एवढंच विचारलं.

स्टीफन तिचा नवरा. टँकर हौसरावांचा, राहायची खोलीही त्यांचीच.

खरं तर तिला शितलला निवडून आणायचं होतं. शितलनंच तिला पक्षात आणलं, चार माणसांत बोलायला लावलं. पण चिठ्ठी हातात आली आणि बाईचं सगळं अवसान गळालं. तिनं हौसरावांच्या नावापुढं फुली मारली. स्वतःची लाज वाटली, पण निदान घर वाचलं होतं.

निकाल लागला. शितल सहा, हौसराव पाच.

संध्याकाळी पुन्हा तीच ओसरी, तेच ताट. सगळे एस्थरकडं बघत होते. जालिंदर मात्र ताटापासून लांब, खांबाला टेकून बसला होता.

"आम्ही तर भंडारा उचललाय," तो म्हणाला.

"आप्पा, मी तुम्हालाच दिलं," एस्थर म्हणाली. हौसरावांनी तोंड फिरवलं. तेव्हा ती इतकी घाबरली, की जन्मात कधी शपथ न घेतलेल्या त्या बाईनं ताटात हात घातला आणि मूठभर भंडारा उचलला. "ह्याची शपथ, आप्पा. तुम्हालाच दिलं."

हौसरावांनी तिच्या पिवळ्या मुठीकडं पाहिलं.

"ह्यो तुझा देव हाय का? तुला ह्याचं कसलं भ्या?" मग ते वळले. "जालिंदर, स्टीफनकडनं टँकरची चावी घे. आन् खोली उद्या मोकळी करा म्हणावं."

जालिंदर लगबगीनं उठला. वाट ताटाजवळूनच होती, पण तो भिंतीला घासून, लांबून गेला.

एस्थरनं ते पाहिलं. पण ते पटवून सांगायला तिच्याकडं आता शपथही उरली नव्हती.